‘आवाजाबद्दल क्षमा करा’: जपानमधली घरातली मारहाण, आणि ‘त्यांची संस्कृतीच तशी’ हे उत्तर

तोक्योकरीण:

परवा इथे तोक्योत काही मराठी कुटुंबं जेवायला जमली होती. बातम्यांवरून विषय निघाला आणि एक गृहस्थ म्हणाले, "जपानी माणूस ऑफिसात कमरेत वाकतो आणि त्याचं उट्टं घरी बायकापोरांवर काढतो. त्यांची संस्कृतीच तशी." सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही गप्प बसले आणि घरी आल्यावर स्वतःचाच राग आला, म्हणून हा धागा.

बारा वर्षांपूर्वी मी इथे नवीन होते. जुनी दुमजली लाकडी इमारत, भिंती पातळ. वरच्या घरातून रात्री आवाज यायचे. आधी वाटलं सामान हलवतायत. मग कळलं की सामान असं हलत नाही. एका रविवारी सकाळी बेल वाजली. दारात वरची बाई. जून महिना, घामाच्या धारा, आणि हिच्या अंगात गळाबंद स्वेटर. दुकानाच्या कागदात नीट बांधलेला मिठाईचा डबा दोन्ही हातांनी पुढे करून म्हणाली, "आमच्या आवाजाचा तुम्हाला त्रास होत असेल, क्षमा करा." मी डबा घेतला आणि म्हणाले, "छे छे, काहीच ऐकू येत नाही." दोन महिन्यांनी ते घर रिकामं झालं.

आता मुद्दा. मार सगळीकडे आहे. कुठल्या माराला नाव द्यायचं, एवढंच समाज ठरवतो, आणि ज्याला नाव नाही तो कुणी मोजतही नाही. जपानीत ‘कातेइनाइ बोर्योकु’ असा शब्द आहे, शब्दशः ‘घरातली हिंसा’. पण १९७०-८० च्या काळात त्याचा अर्थ होता मुलांनी आईबापांना मारणं. १९८० मध्ये कावासाकी शहरात विद्यापीठाच्या प्रवेशपरीक्षेत पुन्हा नापास झालेल्या वीस वर्षांच्या मुलाने बेसबॉलच्या धातूच्या बॅटने आईवडिलांचा जीव घेतला, आणि सगळा देश परीक्षा, एकलकोंडी मुलं, कामात बुडालेले बाप यांवर बोलू लागला. त्याच घरांतून बायका मार खात होत्या, पण त्याला ‘नवराबायकोचं भांडण’ म्हणत. जपानी म्हण आहे, नवराबायकोच्या भांडणाला कुत्रंही तोंड लावत नाही. १९९२ मध्ये काही स्त्रियांनी एकत्र येऊन नवऱ्याच्या, मित्राच्या मारहाणीची पाहणी केली, तेव्हा सांगायला शब्द नव्हता. स्वतःच्या भाषेतला दुसऱ्याच कामाला जुंपलेला होता. म्हणून इंग्रजीतून ‘डीव्ही’ (डोमेस्टिक व्हायलन्स) उसना घेतला. २००१ मध्ये कायदा झाला. आज सरकारी पाहणीत साधारण चार विवाहित स्त्रियांपैकी एक सांगते की नवऱ्याकडून हिंसा झाली. या बायका १९८० मध्येही होत्याच.

सांगलीचे_मास्तर:

ताई, मनापासून लिहिलंत. पण संस्कृतीला इतक्या सहज सोडू नका. तुम्हीच सांगितलेली म्हण ही संस्कृतीच नव्हे का?

आणि दुसरी काळजी. मी ३४ वर्षं शाळेत शिकवलं. हाताने मारलं, नाही म्हणत नाही. त्यातली कित्येक मुलं आज भेटायला येतात. जपानने डिसेंबर २०२२ मध्ये आईबापांचा ‘शिक्षा करण्याचा हक्क’ कायद्यातून काढून टाकला असं वाचलं. स्वीडनने तर १९७९ मध्येच मुलांना मारण्यावर बंदी घातली. जपानच्या बालकल्याण केंद्रांकडे १९९० मध्ये मुलांच्या छळाची ११०१ प्रकरणं होती, आता वर्षाला २ लाखांच्या वर. माणसं तीस वर्षांत दोनशे पटीने क्रूर झाली का? मला तर यात शेजाऱ्याने शेजाऱ्यावर नजर ठेवणं दिसतं. शिस्तीचा हात आणि हिंसा एका पारड्यात घातली की बाप मुलाला बोलायलाही घाबरतो.

तोक्योकरीण:

मास्तर, माणसं क्रूर झाली नाहीत, मोजमाप बदललं. २००४ पासून मुलासमोर आईला मारणं हाही मुलाचा मानसिक छळ धरतात. पोलीस भांडणाच्या ठिकाणी गेले आणि घरात मूल दिसलं की बालकल्याण केंद्राला कळवतात. त्या २ लाखांतला निम्म्याहून मोठा वाटा मानसिक छळाचा आहे तो म्हणून. ही सगळी मुलं आधीही दाराआड उभी होती.

‘शिस्तीचा हात’ म्हणालात, त्याला इथे ‘शित्सुके’ म्हणतात. शिवणकामातला धावदोराही शित्सुकेच. कापड जागेवर राहावं म्हणून सैल घालायचा, पक्की शिवण झाली की ओढून काढायचा, कापडाला खूणही राहत नाही. शब्द सुंदर आहे. पण जानेवारी २०१९ मध्ये चिबा जिल्ह्यातल्या नोदा शहरात दहा वर्षांची मुलगी बापाच्या छळाने मेली, तेव्हा त्या बापानेही शित्सुके हाच शब्द वापरला होता. त्या मुलीने शाळेच्या प्रश्नपत्रकात लिहिलं होतं की बाबा मारतात, सेन्सेई (म्हणजे शिक्षक), काही करता येईल का. बाप रागावून आला म्हणून शिक्षण खात्याच्या माणसांनी त्या कागदाची प्रत बापाच्याच हातात दिली. त्यानंतर कायदा बदलला आणि एप्रिल २०२० पासून आईबापांनी मारण्यावर बंदी आली. तुमची चापट आणि त्याचा छळ यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे, मान्य. पण दोघांच्या तोंडी शब्द एकच होता, आणि त्या शब्दापुढे खात्याची माणसं नमली.

आकडेमोड:

दोघांनाही विरोध करतो.

जागतिक आरोग्य संघटनेने १० देशांतल्या २४ हजारांहून अधिक स्त्रियांना विचारलं. अहवाल २००५ चा. जोडीदाराकडून कधी ना कधी शारीरिक किंवा लैंगिक हिंसा झाली असं सांगणाऱ्या इथिओपियाच्या ग्रामीण भागात ७१ टक्के, जपानमध्ये १५. सगळ्यांत कमी जपान. म्हणजे जेवणाच्या पंगतीतले ते गृहस्थ साफ चुकले. पण थांबा. २०१४ च्या युरोपीय पाहणीत पंधराव्या वर्षानंतर हिंसा भोगल्याचं सांगणाऱ्या स्त्रिया डेन्मार्कमध्ये ५२ टक्के, फिनलंडमध्ये ४७, स्वीडनमध्ये ४६. युरोपीय संघाची सरासरी ३३. समतेत पुढे असलेले देश यादीत वर. का? तिथे बाई मोकळेपणाने सांगते म्हणून, की खरंच जास्त घडतं म्हणून? यावर अभ्यासक अजून भांडतायत.

तोक्योकरीण म्हणतात की नाव दिलं की मोजता येतं. मग वाढलेला आकडा वाईट बातमी की चांगली, हे कधी कळणार? मी खुनांकडे बघतो, कारण प्रेत लपवणं कठीण. जपानमध्ये खून जगात अगदी कमी, आणि जे होतात त्यांतले जवळजवळ निम्मे घरच्या माणसांनी केलेले.

आणि संस्कृती मोजता येत नाही असं नाही. भारताच्या २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत ४५ टक्के स्त्रियांनी आणि ४४ टक्के पुरुषांनी सांगितलं की काही कारणांसाठी नवऱ्याने बायकोला मारणं रास्त आहे. मार खाल्लेल्यांपैकी मदत मागितली फक्त १४ टक्के स्त्रियांनी. ही समजूत कुठून आली? तीच तर संस्कृती.

पायरीवरची_वकील:

मी पुण्यात कौटुंबिक खटले चालवते. ‘संस्कृती’ हा शब्द मी बहुतेक वेळा मारणाऱ्याच्या बाजूनेच ऐकते. १९९९ मध्ये कॅनडातल्या व्हँकुव्हरच्या जपानी महावाणिज्यदूताला बायकोला मारल्याबद्दल अटक झाली, तेव्हा हा सांस्कृतिक फरकाचा प्रश्न आहे असं त्याने पोलिसांना सांगितल्याच्या बातम्या आल्या. देशाचा प्रतिनिधी स्वतःच्या देशाची संस्कृती म्हणून बायकोचा सुजलेला चेहरा पुढे करतो. यापेक्षा मोठा अपमान त्या देशाचा कुणी केला असेल?

पण आकडेमोड यांचं एक मला पटतं. संस्कृती कायद्यात लिहिलेली असते. जपानच्या १९०७ च्या दंडसंहितेत आईबापांचा खून करणाऱ्याला फाशी किंवा जन्मठेप, तिसरं काही नाही असं कलम होतं. तोचिगी जिल्ह्यात एका मुलीवर सख्खा बाप ती चौदा वर्षांची असल्यापासून अत्याचार करत होता. त्याच्यापासून तिला पाच मुलं झाली. २९ व्या वर्षी तिला लग्न करून सुटायचं होतं, तर त्याने कोंडून घातलं. तिने त्याला ठार मारलं. त्या कलमाखाली कितीही सूट दिली तरी तिला तुरुंगात जावंच लागलं असतं. ४ एप्रिल १९७३ ला जपानच्या सर्वोच्च न्यायालयाने ते कलम घटनाबाह्य ठरवलं आणि तिला अडीच वर्षांची, पण स्थगित शिक्षा दिली. त्या न्यायालयाने घटनाबाह्य ठरवलेला तो पहिला कायदा. तरी ते कलम पुस्तकातून निघायला १९९५ उजाडलं. ‘आईबाप म्हणजे दैवत’ हे वाक्य त्या मुलीला केवढ्याला पडलं, याचा विचार मला झोपू देत नाही.

नागोयाचा_बाबा:

इथे सगळे एका बाजूचं बोलतायत, म्हणून लिहितो. मी मराठी, बायको जपानी, घटस्फोट झाला. मी हात उचलला नाही. तरी एके दिवशी घरी आलो तर घर रिकामं, मुलगा नाही. पत्ता विचारायला पालिकेत गेलो तर सांगितलं, देता येत नाही. चार वर्षं मुलाचा आवाज ऐकला नाही. जपानमध्ये घटस्फोटानंतर ताबा एकाच पालकाकडे जायचा. २०२४ च्या मे महिन्यात संसदेने संयुक्त ताब्याचा कायदा केला, आणि लगेच ओरड की मारणाऱ्या बापांचं फावेल. मारणाऱ्यांना शिक्षा करा. पण सगळ्या बापांना संशयित धरू नका. मुलाला बापापासून तोडणं ही हिंसा नाही का?

तोक्योकरीण:

बाबा, तुमचं दुःख खरं आहे, आणि चौकशी न करता दार बंद होणं चूकच. पण मी सहा वर्षं इथल्या एका पालिकेत दुभाषी म्हणून बसते. तो पत्ता लपवण्याचा अर्ज भरताना बायकांचे हात मी पाहिलेत. एकीने स्वतःच्या नव्या घराचा क्रमांक मला तोंडाने सांगितला नाही, कागदावर लिहिला, मला दाखवला आणि लगेच खोडला. पत्ता लपवण्याचा तो नियम ढिला केला तर तुमच्यासारख्या एकाला न्याय मिळेल आणि तिच्यासारखीला परत शोधून काढतील. न्यायालयाला हिंसेचा धोका दिसला तर संयुक्त ताबा देऊ नये असं नव्या कायद्यातही आहे. सगळं अवलंबून आहे ते न्यायालय किती नीट बघतं यावर.

आणि नवऱ्याच्या व्हिसावर आलेल्या आपल्या मुलींसाठी सांगते, डीव्हीचा कायदा राष्ट्रीयत्व बघत नाही. पण कागदावर तसं असलं तरी २०२० मध्ये जोडीदाराच्या मारहाणीची तक्रार घेऊन पोलीस चौकीत गेलेल्या श्रीलंकेच्या एका तरुणीला व्हिसा संपल्याचं कारण देऊन अटक झाली, आणि मार्च २०२१ मध्ये नागोयाच्या स्थलांतरितांच्या कोठडीत ती मेली. त्यामुळे आधी डीव्ही सल्ला केंद्राला फोन करा, व्हिसाचं तिथेच विचारा.

रेवा_लालबाग:

ताई, तुमचा धागा दोनदा वाचला. नावाचं जे म्हणता ते मला पटत नाही.

आमच्याकडे नाव होतं. चाळीतल्या शेंबड्या पोरालाही माहीत होतं की दहा नंबरात रेवाच्या आईला बाप मारतो. कुणी ‘भांडण’ म्हणत नव्हतं, ‘मार’च म्हणायचे. भिंती तुमच्यापेक्षा पातळ होत्या. शेजारच्या काकू रेडिओचा आवाज वाढवायच्या. त्या वाईट नव्हत्या. दुसऱ्या दिवशी मला बोलावून गरम भात वाढायच्या, वर तूप. आईने कधी कुणाची माफी मागितली नाही आणि कुणी कधी दारावर थाप मारली नाही. टाटा समाजविज्ञान संस्थेने १९८४ पासून मुंबई पोलिसांच्या जागेत महिला व बालकांसाठी विशेष कक्ष चालवला होता. आईला तिथे कुणी नेलं नाही. तिला ते माहीत झालं तेव्हा मी नोकरीला लागले होते. शब्द असून मोजलं गेलं नाही, ताई. रेडिओ लावला गेला.

तोक्योकरीण:

रेवा, याला माझ्याकडे उत्तर नाही. शब्दाशिवाय दार उघडत नाही एवढंच मला दिसलं होतं. शब्द असूनही बंद राहतं, हे तू दाखवलंस.

सांगलीचे_मास्तर:

चापटीबद्दल माझं मत अजून तेच आहे. ते इथे बदलणार नाही.

पण रेवा, बाळ, मिरजेत भाड्याने राहायचो तेव्हा आमच्याही शेजारी हे होतं. मी आवाज सुरू झाला की दिवा मालवायचो, आपण झोपलोय असं वाटावं म्हणून. तीन वर्षं. मी शिक्षक आहे हे त्या बाईला माहीत होतं, ती मला ‘गुरुजी’ म्हणायची. ताई, तुम्ही दुभाषाचं काम करता. अशी बाई दारात आली तर विचारायचं तरी काय असतं?

तोक्योकरीण:

मास्तर, आम्हाला शिकवताना पहिल्याच दिवशी सांगितलं की ‘दाइजोबु देसु का’, म्हणजे ‘तुम्ही ठीक आहात ना’, असं विचारू नका. त्याचं उत्तर ठरलेलं असतं, दाइजोबु. ज्याला ‘हो’ किंवा ‘ठीक’ म्हणता येणार नाही असं विचारा. मी आता विचारते, "आज रात्री कुठे झोपणार?" बहुतेक जणी आधी काहीच बोलत नाहीत. मग कुणी बहिणीचं नाव सांगते, कुणी स्टेशनजवळच्या चोवीस तास उघड्या असलेल्या कॅफेचं. गेल्या महिन्यात एक म्हणाली, "न्हाणीघरात. तिथे आतून कडी आहे."