काल्पनिक जगातील ‘पटवाद’: विणून झालेल्या कापडातून एक क्षण काढून घेता येईल का?

प्रश्नकर्ती, सोलापूर

नमस्कार. मी लिहीत असलेल्या कादंबरीतील ‘अंशुका’ या जगाला स्वतःचे तत्त्वज्ञान आहे. तेथील पंडित त्याला पटवाद म्हणतात. त्यातील एका अडचणीवर येथील जाणकारांचे मत हवे आहे.

पटवादानुसार जे जे असू शकते ते सारे उभ्या धाग्यांत, म्हणजे ताण्यात, आधीपासून आहे. धोटा एकदा या काठाकडून त्या काठाला गेला की एक आडवा धागा पडतो, आणि तोच एक क्षण. जे उभे धागे त्या आडव्या धाग्याच्या वर राहतात तेवढ्याच शक्यता घडतात. उरलेल्या त्याच्याखाली झाकल्या जातात. माणूस, नदी, डोंगर हे धागे नव्हेत, तर अनेक क्षणांवर उमटत गेलेली नक्षी आहे. विणून झालेले कापड नष्ट होत नाही, ते रुळावर गुंडाळले जाते. म्हणून अंशुकेत भूतकाळ कधीच ‘गेलेला’ नसतो.

या जगात ‘उसवे’ नावाचे साधक आहेत. गुंडाळलेल्या कापडातून एखादा आडवा धागा त्यांना ओढून काढता येतो. माझी नायिका आपल्या भावाच्या मृत्यूचा क्षण असाच काढते. मग भाऊ जिवंत ठरतो का? आणि काढलेला धागा जातो कोठे? तो जादूने नाहीसा होतो असे लिहून मोकळे होणे मला मान्य नाही, कारण जेथे भूतकाळसुद्धा नष्ट होत नाही तेथे ही एकच वस्तू नष्ट झाली, तर सिद्धान्तच उरत नाही.

पूर्वभागकर

आमच्या घरी यंत्रमाग असल्यामुळे मी कापडाच्या बाजूने उत्तर देतो. विणलेल्या कापडाच्या मधूनच एक आडवा धागा ओढला तर पुढचे धागे काही आपोआप नव्याने विणले जात नाहीत. त्या जागी बारीक रेघ पडते, कापड उजेडासमोर धरले की ती लगेच दिसते, आणि वापरात दोन्हीकडचे धागे हळूहळू त्या फटीकडे सरकू लागतात. वीण खरोखर सुधारायची असेल तर माग थांबवून, चुकलेल्या जागेपर्यंतचे सगळे आडवे धागे एकेक करून काढावे लागतात.

तेव्हा भाऊ जिवंत होणार नाही. त्याचा अंत्यविधी, दहावा, तेरावा हे सारे पुढच्या धाग्यांवर विणले गेलेले आहे आणि ते तसेच राहील. घरातले लोक रडतील, पण कशासाठी ते कोणालाच सांगता येणार नाही. शिवाय आदल्या दिवशीचे त्याचे हसणे आणि दुसऱ्या दिवशीची त्याची रिकामी खाट हे दोन क्षण सरकत सरकत एकमेकांना येऊन भिडतील. त्याला परत आणायचे तर नायिकेला त्यानंतरचे सगळ्यांचेच आयुष्य उसवावे लागेल, त्यात तिचे स्वतःचेही.

आणखी एक. नक्षी धाग्यात नसते. फ्रान्समधील जाकारच्या (आपण ज्याला जेकार्ड म्हणतो) १८०४ च्या मागापासून कोणत्या वेळी कोणते उभे धागे उचलायचे हे भोके पाडलेले पत्ते ठरवत आले आहेत, आणि पत्त्यांची माळ संपली की ती पुन्हा पहिल्यापासून फिरते. आपल्या अंशुकेत हे पत्ते कोठे आहेत, हे पटवादाने सांगितलेले नाही.

न्यायशास्त्राचा वाचक

धागे आणि कापड हे आपल्या दर्शनांतील फार जुने उदाहरण आहे, आणि आपण नकळत दोन विरोधी मते एकत्र आणली आहेत. सर्व शक्यता ताण्यात आधीच आहेत, हा सांख्यांचा सत्कार्यवाद झाला: कार्य कारणात अव्यक्त रूपाने असतेच. नक्षी धाग्यांहून वेगळी आहे असे म्हणताना मात्र आपण न्याय-वैशेषिकांच्या जवळ जाता. त्यांच्या मते कापड हे धाग्यांहून वेगळे असे नवे द्रव्य असून ते धाग्यांत समवायाने, म्हणजे न तुटणाऱ्या संबंधाने, राहते. त्यांचे म्हणणे असेही आहे की एक धागा काढला तर पूर्वीचे कापड नष्ट होते आणि जे उरते ते ‘खंडपट’ नावाचे नवे कापड असते.

हे मत घेतले तर नायिका धागा ओढते त्याच क्षणी तिचे जग संपते, आणि जेथे ती उभी असते ते दुसरेच जग ठरते. मग ज्याच्यासाठी तिने हे केले तो भाऊ त्या जगाचा नव्हेच. सांख्य मत घेतले तर जग तेच राहील, पण मग मृत्यूचा तो क्षणही अव्यक्त रूपाने ताण्यात शिल्लक राहील आणि केव्हाही पुन्हा व्यक्त होऊ शकेल. मला दुसरा मार्ग कथेसाठी अधिक सकस वाटतो.

तळ्याकाठचा

आपल्याकडील जेकार्डच्या दुहेरी विणीच्या चादरीची नक्षी दोन्ही बाजूंना दिसते, फक्त रंग उलटे असतात. पटवादात मागच्या बाजूचा विचार कोठेच नाही. वर झाकल्या गेलेल्या शक्यता खाली उघड्या असणारच. म्हणजे भाऊ जेथे मेला नाही ती बाजू त्याच कापडाला आधीपासून आहे.

पत्त्यांविषयीच्या मुद्द्यावरून सुचले: जे दरवर्षी त्याच क्रमाने पुन्हा केले जाते ते उसव्यांना पुसता येऊ नये. सोलापुरात सिद्धेश्वराच्या संक्रांतीच्या यात्रेत मानाचे नंदीध्वज, म्हणजे सजवलेल्या उंच काठ्या, अडुसष्ट लिंगांच्या प्रदक्षिणेला निघतात. त्यातील एका वर्षाचा धागा काढला तरी रीत जात नाही. अंशुकेतील सामान्य लोकांनी उसव्यांपासून बचावासाठी असेच काही उभे केले असेल.

प्रश्नकर्ती

सर्वांची मनापासून आभारी आहे. सांख्य मार्ग आणि मागची बाजू या दोन्ही गोष्टी मी स्वीकारते. त्यामुळे धाग्याचेही उत्तर मिळाले: समोरून ओढलेला क्षण कोठेही जात नाही, तो मागच्या बाजूला सरकतो. तेथे भाऊ जिवंत होता. आता त्याचा मृत्यू तेथे विणला जाईल, आणि तेथे त्याच्यासोबत राहणारी दुसरी बहीण तो धागा परत ढकलण्यासाठी उसव्यांचा शोध घेऊ लागेल. पत्त्यांचा प्रश्न मी पंडितांच्या वादसभेच्या प्रकरणात घालते. त्यावर त्यांच्यात दोन पंथ पडतील.