'धडधड' एवढंच लिहून घ्या? चिंताविकाराचा कोड लपवण्याच्या सल्ल्याबद्दल

रानजाई:
काल 'सातबारा' यांनी लिहिलं, "पॅनिकसाठी दाखवायला गेलात तर डॉक्टरांना एफ ४१ लिहू देऊ नका, 'छातीत धडधड' लिहून घ्या. पुढे विम्याला त्रास नको." (एफ ४१ म्हणजे आयसीडी-१० या आजारांच्या जागतिक कोड-यादीतला चिंताविकारांचा कोड.) खाली 'अगदी बरोबर'ची रांग. ते वाचून राहवलं नाही.

माझ्या भावाच्या कागदावर दोन वर्षं आर ००.२ होतं, म्हणजे नुसती धडधड. प्रत्येक नवा डॉक्टर फाईल उघडून हृदयापासून सुरुवात करायचा. तीन ईसीजी, दोन इको, सगळं नॉर्मल. त्यामुळे त्याला धीर आला असेल असं वाटतं ना? उलट झालं. आपल्याला असं काहीतरी आहे जे मशीनलाही सापडत नाही, अशी त्याची खात्री पटली. एकटा जिना चढेनासा झाला. तिसऱ्या वर्षी एका डॉक्टरीणबाईंनी एफ ४१.०, म्हणजे पॅनिकचा विकार, असं लिहून समजावलं, तेव्हा तो एवढंच म्हणाला, "म्हणजे याला नाव आहे."

सातबारा:
तुमच्या भावाचं वाईट वाटलं. पण मी अठरा वर्षं विम्याचं काम करतोय. कायदा मलाही पाठ आहे: मानसिक आरोग्य कायदा २०१७, कलम २१(४), शारीरिक आजारासारखंच विमासंरक्षण. प्रत्यक्षात माझ्याच बायकोच्या कागदावर एफ ४१.२, म्हणजे मिश्र चिंता-नैराश्य, दिसल्यावर एका कंपनीने नवा प्रस्ताव परत पाठवला. शिवाय बहुतेक पॉलिसी २४ तास दाखल झाल्याशिवाय पैसे देत नाहीत. पॅनिकसाठी कोण दाखल होतं? मग खरा कोड लिहून पदरात काय पडलं?

रानजाई:
उपचार पडले! आणि लपवून काय पडतं तेही सांगा. प्रपोजल फॉर्मवर खोटं लिहिलं की दाव्याच्या वेळी तेच गळ्याशी येतं. पॉलिसी सलग ६० महिने चालू राहिल्यावर माहिती दिली नाही म्हणून दावा नाकारता येत नाही, पण फसवणूक सिद्ध झाली तर तीही ढाल उरत नाही. हे तुम्ही गिऱ्हाइकांना सांगता का?

ओपीडी चार:
मी मनोविकारतज्ज्ञ. एफ ४१.२ वर माझा जुना राग आहे. मिश्र चिंता-नैराश्य हा कोड कधी लावायचा? दोन्हीची लक्षणं आहेत, पण कुठलंच एक स्वतंत्र निदान करण्याइतकं ठळक नाही, तेव्हा. आपल्याकडे मात्र रडणारा, घाबरणारा, न झोपणारा, सगळ्यांना तोच. यादीच्या नव्या आवृत्तीने, आयसीडी-११ ने, तो चिंतेच्या गटातून काढून मनोदशा विकारांत ६ए७३ खाली नेला. २०२२ पासून ती आवृत्ती अमलात आहे, आमच्या रुग्णालयाच्या फॉर्मवर अजून १० च.

भरतीओहोटी:
कोड राहू द्या, मुळात 'चिंताविकार' हा शब्दच चुकलाय. आईला सांगितलं तर म्हणाली, "चिंता कुणाला नसते?" विषय संपला. तीच बाई रोज सांगते, जिवाची घालमेल होते, काळजात धस्स होतं.

ओपीडी चार:
माझ्याकडे "जीव घाबरा होतो" म्हणतात. पण 'घालमेलविकार' लिहू का कागदावर?

भरतीओहोटी:
का नको? 'धास्ती' घ्या.

रानजाई:
धास्ती कशाची तरी असते. भावाला कशाचीच नव्हती, तरी हात गार पडायचे.

भरतीओहोटी:
आणि पॅनिकला 'झटका' म्हणता त्याचं काय? झटका म्हटलं की आजी कांदा हुंगवायला धावते, तिला फीट वाटते. 'अटॅक' म्हटलं की रिक्षा थेट हृदयाच्या दवाखान्यात. तुमचे तीन ईसीजी त्या एका शब्दाने काढलेत, कोडने नाही.

सातबारा:
शब्दांचा कीस पाडणाऱ्यांना हप्ते भरावे लागत नाहीत वाटतं.

भरतीओहोटी:
भरते. स्वतःचे आणि आईचेही. वैयक्तिक येऊ नका.

ओपीडी चार:
झटक्याचं मान्य. उद्यापासून मी 'भीतीची लाट' म्हणून बघतो. लाट ओसरते, हे वेगळं समजवावं लागत नाही. पण सातबारा, खोटा कोड लिहा असं सांगणारे नातेवाईक दर आठवड्याला येतात, आणि मी लिहिला तर नोंद खोटी केल्याबद्दल उत्तर मला द्यावं लागतं. तुम्हाला नाही.

सातबारा:
बरं. 'लिहून घ्या' हे वाक्य मागे घेतो. कंपनीचं वागणं सांगणं मात्र सोडणार नाही.

नवीन सभासद:
बहिणीच्या कागदावर एफ ४१.९ आहे. पॉलिसी चार वर्षं जुनी, त्रास यंदाच सुरू झाला. मार्चमध्ये नूतनीकरण. काय करू?

सातबारा:
पॉलिसी आधीची, त्रास आणि निदान नंतरचं, म्हणजे तो आधीचा आजार धरत नाहीत. हप्ता वेळेवर भरा, खंड पडू देऊ नका. आणि कागद फाडू नका.

ओपीडी चार:
४१.९ म्हणजे 'अनिर्दिष्ट'. पहिल्या भेटीला ठीक आहे. पुढच्या भेटीत नक्की कुठला प्रकार, ते विचारायला सांगा तिला.