मदत हवी आहे: व्ही. के. मूर्तींच्या छायाचित्रणाबद्दल

गुरुदत्तचा ‘कागज के फूल’ (1959) परवा पुन्हा पाहिला, छायाचित्रण मूर्तींचं. रिकाम्या स्टुडिओत वरून तिरका उतरणारा तो प्रकाशझोत, त्यात तरंगणारी धूळ... अंगावर काटा आला! मूर्तींनी म्हणे आरशांवरून ऊन आत घेतलं होतं. पण सूर्य तर सरकत राहणार, मग रीटेकच्या वेळी झोत जागेवर कसा ठेवायचे? कोणी छायाचित्रण शिकलेलं असेल तर जरा समजावून सांगा ना.

शिवाय गुरुदत्तनंतरचं त्यांचं काम कुठून पाहायला सुरुवात करू? ‘तमस’ तेवढा पाहिलाय. फाळके पुरस्कार मिळालेले ते पहिले छायाचित्रकार, पण त्यांच्यावर मराठीत सविस्तर काही वाचलं असेल तर नक्की सुचवा. नुसती पुरस्कारांची यादी नको, ती मिळाली.