अनुभव धागा: क्यूबन वस्तीतून गाईडसोबत पायी फिरताना

निवेदन

फ्लोरिडाला जाणारे मराठी पर्यटक बहुधा ऑरलँडोची उद्याने आणि मायामीचा समुद्रकिनारा पाहून परततात. त्याच मायामीत लिटल हवाना ही वस्ती आहे. फिडेल कास्त्रोंच्या १९५९च्या क्रांतीनंतर देश सोडलेल्या क्यूबन कुटुंबांनी तिला आजचे रूप दिले. तेथून सुमारे साडेचारशे किलोमीटरवर, टॅम्पा शहरात, ईबोर सिटी ही तिच्याहून पाऊणशे वर्षांनी जुनी क्यूबन वस्ती आहे. दोन्ही ठिकाणी स्थानिक गाईडसोबत दोन-अडीच तास पायी फिरण्याची सोय आहे. ज्यांनी अशी फेरी केली आहे त्यांना विनंती की, गाईड सोबत नसता तर काय नजरेतून निसटले असते, हे त्यांनी लिहावे. दुकानांची यादी कुठेही मिळते. आम्हांला माणसे आणि त्यांनी सांगितलेला इतिहास हवा आहे.

पुण्याच्या निवृत्त शिक्षिका, मुलीकडे फोर्ट लॉडरडेल येथे मुक्कामी असताना

आमची फेरी आठव्या रस्त्यावर, म्हणजे स्थानिकांच्या काये ओचोवर, टॉवर थिएटरपाशी सुरू झाली. १९२६ सालच्या या चित्रपटगृहावरून मी मुलीच्या गाडीतून आधी गेले होते, पण तेव्हा ती केवळ एक देखणी जुनी इमारत वाटली होती. गाईड बाईंनी सांगितले की, साठच्या दशकात येथे इंग्रजी चित्रपट स्पॅनिश उपशीर्षकांसह दाखवू लागले आणि नुकत्याच आलेल्या क्यूबन कुटुंबांनी नव्या देशाचे बोलणे, वागणे, पेहराव हे सारे या अंधाऱ्या सभागृहात बसून शिकून घेतले. बाईंचे वडील त्यांतलेच एक. डिसेंबर १९६५ ते एप्रिल १९७३ या काळात व्हाराडेरोहून मायामीला येणाऱ्या ज्या विमानांतून अडीच लाखांहून अधिक माणसे आली, त्या ‘फ्रीडम फ्लाइट्स’पैकी एका विमानाने ते आले. निघण्याआधी सरकारी माणसांनी घरातील प्रत्येक वस्तूची नोंद केली होती आणि घर सोडताना त्या यादीतील एकही वस्तू कमी भरता कामा नये, असा नियम होता. हे सांगताना बाईंचा स्वर अगदी सरळ होता. त्यामुळेच ऐकणारे सगळे गप्प झाले.

ही वस्ती आधी कोणाची होती, हेही त्यांनी आवर्जून सांगितले. रिव्हरसाइड आणि शेनँडोआ अशी या भागांची नावे होती आणि तीसच्या दशकात येथे ज्यू कुटुंबे मोठ्या संख्येने राहत. ती उपनगरांकडे सरकत गेली, भाडी उतरली, शहराचा मध्यभाग जवळ होता, आणि १९६२पासून क्यूबन निर्वासितांची नोंदणी व मदतीचे केंद्र ज्या फ्रीडम टॉवरमध्ये होते तो तर बसने थोड्याच अंतरावर. नवागत कुटुंबाने बिऱ्हाड थाटायला आणखी काय हवे!

पंधराव्या अॅव्हेन्यूच्या कोपऱ्यावरील माक्सिमो गोमेस पार्कला सगळे ‘डोमिनो पार्क’ म्हणतात. येथे खेळणारी माणसे वयस्कर असतात. मी बराच वेळ एका टेबलाजवळ उभी होते. चार खेळाडू, समोरासमोरचे दोघे जोडीदार. आपल्याकडे जो डोमिनो मिळतो त्यात सहापर्यंत ठिपके आणि अठ्ठावीस सोंगट्या असतात. हवानाकडच्या पद्धतीत नऊपर्यंत ठिपके आणि पंचावन्न सोंगट्या. प्रत्येकाने दहा उचलायच्या, पंधरा पालथ्या राहतात, आणि त्या पंधरांत काय दडले आहे याचा अंदाज बांधण्यातच खेळाचे सगळे कसब असते. टेबलावर सोंगटी ठेवत नाहीत, आपटतात. एका आजोबांची बोटे संधिवाताने वाकडी झाली होती, तरी दहाही सोंगट्या त्यांनी लाकडी पट्टीवर एका हालचालीत उभ्या केल्या. भिंतीवरचे चित्र १९९४ साली मायामीत भरलेल्या अमेरिका खंडांतील राष्ट्रप्रमुखांच्या परिषदेचे आहे; गाईडने दाखवल्याशिवाय त्यातील चेहरे कोणाचे आहेत हे कळणे कठीण.

मला सर्वांत अधिक लागले ते ‘पेद्रो पान’चे. डिसेंबर १९६० ते ऑक्टोबर १९६२ या काळात चौदा हजारांहून अधिक क्यूबन मुलांना त्यांच्या आईवडिलांनी एकटे अमेरिकेत पाठवले. आपणही मागोमाग येऊ, असा त्यांचा भरवसा होता. सोव्हिएत संघाने क्यूबात क्षेपणास्त्रे ठेवल्यावरून उद्भवलेल्या ऑक्टोबर १९६२च्या संकटामुळे विमाने बंद झाली आणि अनेक मुलांची आईवडिलांशी गाठ पडायला वर्षे गेली. आमच्या गाईड बाईंची मावशी त्या मुलांत होती. मी आयुष्यभर त्याच वयाच्या मुलांना शिकवले आहे. फाटकावर बोट सोडायला तयार नसलेली पहिलीची मुले डोळ्यांपुढे आली, आणि पुढच्या दोन थांब्यांवर काय सांगितले गेले ते मला नीट ऐकू आले नाही.

सोलापूरचे यंत्र अभियंता, सध्या टॅम्पा येथे वास्तव्य

लिटल हवानाबद्दल बरेच लिहिले जाते म्हणून मी ईबोर सिटीबद्दल लिहितो. माझी आजी सोलापुरात घरी विड्या वळत असे. त्यामुळे गाईडने आम्हांला एका लहानशा सिगार दुकानात नेऊन वळणाऱ्या कारागिरासमोर उभे केले, तेव्हा माझे लक्ष इतिहासापेक्षा त्याच्या हातांकडे लागले. आजी पत्र्याचा साचा ठेवून तेंदूचे पान कात्रीने कापत असे आणि शेवटी दोरा बांधत असे. येथे कात्री नाही आणि दोराही नाही. अर्धचंद्राकृती पात्याने पानाची मधली शीर काढतात, आतील पानांची जुडी लाकडी साच्यात दाबून ठेवतात, मग ओलसर, रेशमासारखे वरचे पान तिरके गुंडाळत नेतात आणि टोकाला त्याच पानाची गोल टोपी किंचित डिंकाने चिकटवतात. मात्र अंगठ्याखाली जुडी फिरवून कोठे पोकळ आणि कोठे घट्ट हे चाचपण्याची रीत दोन्हीकडे अगदी एकच आहे.

व्हिसेंते मार्तिनेस ईबोर हे मूळचे स्पेनमधील व्हॅलेन्सियाचे. क्यूबात त्यांनी सिगारचा व्यवसाय उभारला, स्पेनविरुद्धच्या लढ्याच्या काळात १८६९ साली ते फ्लोरिडाच्या दक्षिण टोकाच्या की वेस्ट बेटावर आले आणि १८८५ साली टॅम्पाजवळ जमीन घेऊन त्यांनी कारखान्यासह अख्खे गावच वसवले. रेल्वे नुकतीच पोहोचली होती, बंदर होते, आणि तंबाखूच्या पानाला मानवणारी दमट हवा होती. त्यांच्या विटांच्या कारखान्यासमोर उभे करून गाईडने आम्हांला ‘लेक्तोर’ समजावून सांगितला. शेकडो कामगार रांगांनी बसून वळत असत आणि मध्ये उंच व्यासपीठावर बसलेला वाचक त्यांना आधी वर्तमानपत्रे आणि नंतर कादंबऱ्या मोठ्याने वाचून दाखवत असे. त्याचा पगार मालक देत नसे. कामगार आपापल्या मजुरीतून वर्गणी काढत, आणि कोणाला नेमायचे व काय वाचायचे हे तेच ठरवत. ज्याला अक्षरओळख नव्हती त्यालाही जगातील घडामोडी आणि युरोपातील मोठे कादंबरीकार तोंडपाठ असत. मालकांना हे वाचन चळवळीचे मूळ वाटे. १९३१ साली त्यांनी वाचक काढून टाकले आणि त्या जागी रेडिओ आला. केरळात कण्णूरच्या विडी कामगारांतही सहकाऱ्यांना वर्तमानपत्र वाचून दाखवण्याची प्रथा होती, हे मी गाईडना सांगितले. त्यांनी ते लगेच वहीत टिपून घेतले.

येथील कामगारांनी आठवड्याच्या वर्गणीतून जी परस्पर साहाय्य मंडळे उभारली, त्यांत डॉक्टरपासून नृत्यगृहापर्यंत सर्व काही होते. क्यूबन लोकांचे सिर्कुलो कुबानो १९०२चे. मात्र फ्लोरिडात वर्णभेदाचे कायदे होते, म्हणून ज्यांनी एकत्र सिगार वळले आणि एकत्र स्वातंत्र्याची स्वप्ने पाहिली त्या गोऱ्या व काळ्या क्यूबनांना मंडळे वेगळी करावी लागली. कृष्णवर्णीयांचे मार्ती-मासेओ मंडळ त्यातून उभे राहिले. त्याची जुनी वास्तू १९६५ साली शहर-नूतनीकरणात पाडली गेली. ‘पुनर्विकास’ या शब्दाखाली काय काय जाते हे आपल्याकडच्या वाचकांना मी वेगळे सांगायला नको.

एक छोटी बाग मात्र चुकवू नये. क्यूबाच्या स्वातंत्र्यलढ्याचे नेते आणि कवी होसे मार्ती १८९१च्या नोव्हेंबरमध्ये टॅम्पात आले, त्यांनी येथील कामगारांपुढे भाषणे केली आणि क्यूबाच्या स्वातंत्र्यासाठी निधी उभा केला. पुढे त्यांच्यावर विषप्रयोगाचा प्रयत्न झाला, तेव्हा पाउलिना पेद्रोसो या कृष्णवर्णीय क्यूबन बाईंनी त्यांना आपल्या घरी ठेवून घेतले. ते घर आता नाही, पण त्या जागेवरील बाग आजही क्यूबा देशाच्या मालकीची आहे. दोन्ही देशांचे संबंध इतकी दशके बिघडलेले असूनही अमेरिकन भूमीवर हा तुकडा टिकला, हे मला विलक्षण वाटते.

नाशिकचे संगणक अभियंता, जर्सी सिटी

मी लिटल हवानाची फेरी कामाच्या दौऱ्यातील एका रिकाम्या सकाळी केली. तेराव्या अॅव्हेन्यूवरील स्मारकांची रांग वरच्या लेखनात आलेली नाही, म्हणून लिहितो. कास्त्रोंची सत्ता उलथण्यासाठी अमेरिकेच्या पाठबळाने १७ एप्रिल १९६१ रोजी क्यूबातील बे ऑफ पिग्स या किनाऱ्यावर उतरलेल्या, निर्वासित क्यूबनांच्या ब्रिगेड २५०६च्या मृतांसाठी तेथे अखंड ज्योत तेवते. पकडले गेलेल्यांपैकी सुमारे अकराशे सैनिक डिसेंबर १९६२मध्ये अन्न आणि औषधांच्या मोबदल्यात सुटले आणि अध्यक्ष केनेडींनी ऑरेंज बाऊल मैदानावर त्यांचे स्वागत केले. ते मैदानही याच वस्तीत होते. आता तेथे बेसबॉलचे स्टेडियम आहे. ज्योतीच्या पुढे क्यूबाचा उठावदार (रिलीफ) नकाशा, मारिया मातेची मूर्ती आणि एक अवाढव्य सेइबा वृक्ष आहे. त्याच्या मुळांशी फळे, नाणी, कापडाच्या पुरचुंड्या ठेवलेल्या असतात. तो क्यूबातील आफ्रिकी मुळाच्या सांतेरिया पंथाचा नैवेद्य असल्याने त्याला हात लावू नये, असे आमच्या गाईडने आधीच बजावले.

पण मला खरे लिहायचे आहे ते याच ठिकाणी झालेल्या एका बोलण्याविषयी. १९६६च्या क्यूबन अॅडजस्टमेंट कायद्याने क्यूबाहून रीतसर प्रवेश मिळालेल्या माणसाला वर्षभरानंतर कायम वास्तव्यासाठी अर्ज करता येतो, हे गाईडनी सांगितले. १९९५पासून तर समुद्रात सापडला तर परत, पण जमिनीला पाय लागला तर राहू द्यायचे, असे धोरण होते. ते जानेवारी २०१७मध्ये संपले. ग्रीन कार्डच्या रांगेत माझ्यासारखे भारतीय वर्षानुवर्षे उभे आहेत. ऐकताना मनात असूया आली, हे मी लपवत नाही. मग गाईडनी १९९४चा उन्हाळा सांगितला. ट्रकच्या टायरच्या ट्यूब आणि फळ्या बांधून केलेल्या तराफ्यांवर त्यांचे शेजारी क्यूबाहून निघाले होते. त्यांतील काही तराफे रिकामे सापडले. माझ्या रांगेत मी पगार घेत, छपराखाली, पासपोर्ट खिशात ठेवून उभा आहे. दोन प्रतीक्षांची तुलना करण्याचा माझा उत्साह तेथेच संपला.

मुंबईच्या वास्तुरचनाकार

वरील लेखनाबद्दल आदर बाळगून थोडा वेगळा सूर लावते. माझी पहिली फेरी मद्याच्या चवी घेत या बारमधून त्या बारमध्ये नेणारी होती आणि आयोजकांचा गाईड त्या वस्तीत राहणाराही नव्हता. १९३५ साली उघडलेला आणि २०१४ साली नव्याने सुरू झालेला ‘बॉल अँड चेन’ पाहिला, संगीत उत्तम होते, पण मुख्य रस्ता सोडून एकदाही आत वळलो नाही. म्हणून दुसऱ्या दिवशी एका स्थानिक इतिहास-अभ्यासकासोबत गेले.

खरी वस्ती गल्ल्यांत आहे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील बैठे लाकडी बंगले, पुढे ओसरी, आणि मधूनमधून दोन मजली लहान चाळवजा इमारती, ज्यांत सामाईक जिन्यावर शेजारणी बोलत उभ्या असतात. आज येथे राहणाऱ्यांत निकाराग्वा, होंडुरास आणि मध्य अमेरिकेतील इतर देशांतून आलेले लोक फार मोठ्या संख्येने आहेत; अनेक क्यूबन कुटुंबे हायालिया आणि पश्चिमेच्या उपनगरांत गेली. पर्यटकांना दाखवला जाणारा क्यूबा हा रस्त्याच्या दर्शनी भागापुरता उरतो की काय, अशी शंका त्या अभ्यासकानेच बोलून दाखवली. २०१७ साली राष्ट्रीय वारसा-जतन संस्थेने लिटल हवानाला ‘राष्ट्रीय ठेवा’ म्हटले, ते याच साध्या घरांवर आलेल्या बांधकामाच्या दडपणामुळे. पर्यटन वाढले की भाडे वाढते, आणि भाडे वाढले की जिन्यावरची बाई जाते. फेरी निवडताना ती गल्लीत शिरते का, एवढे जरूर विचारावे.

शाकाहारी कुटुंब, ठाणे

वाल-घेवड्यासारखे दिसणारे काळे बीन्स पाहून हुरळून जाऊ नये. ते पुष्कळदा डुकराच्या मांसासोबत शिजवलेले असतात, आणि बीन्स-भाताचेही तेच. आम्ही नोंदणी करतानाच कळवले होते, म्हणून आम्हांला लसूण-लिंबाचा ‘मोहो’ हा सॉस घातलेला उकडलेला युका, तळलेली कच्ची केळी आणि उसाचा रस मिळाला. ज्या कंदाचा आपण साबुदाणा करतो तोच हा युका. पेरू आणि चीजची पेस्ट्री घेताना चरबीबद्दल विचारावे. कॉफी मात्र ‘व्हेंतानिता’ म्हणजे रस्त्याकडे उघडणाऱ्या खिडकीवरच प्यावी. कॉफीचे पहिले काळेभोर थेंब साखरेत पडताच ती बाई चमच्याने इतक्या जोरात घोटते की, साखरेची फिकट तांबूस साय तयार होते. मग उरलेली कॉफी तिच्यावर ओततात. ‘कोलादा’ मागितल्यास एका पेल्यासोबत अंगठ्याएवढे छोटे पेले देतात. ती वाटून प्यायची असते, आणि आमच्या गाईडने पहिला पेला रांगेत मागे उभ्या असलेल्या अनोळखी गृहस्थांना दिला.

नागपूरचे गृहस्थ, वृद्ध आईसह

आईचे वय आणि गुडघे पाहता मी आधी बरीच चौकशी केली होती, ती येथे उपयोगी पडावी. मुख्य थांबे एकमेकांपासून जवळ आहेत आणि पदपथ सपाट आहे, त्यामुळे चाकांची खुर्ची चालते. जून ते सप्टेंबर दुपारी पाऊस येतो आणि उकाडा नागपूरहून वेगळा, घामाचा असतो. सकाळची फेरी घ्यावी. महिन्याच्या तिसऱ्या शुक्रवारी सायंकाळी येथे कला आणि संगीताचा उत्सव असतो, तो पाहण्यासारखा आहे, पण त्या गर्दीत गाईडचे बोलणे ऐकू येत नाही. डोमिनो खेळणाऱ्यांचे छायाचित्र विचारल्याशिवाय काढू नये. माझ्या आईने हात जोडून विचारले, तेव्हा त्यांनी तिला बसायला खुर्ची दिली. गाईडला टिप देण्याची तेथे रीत आहे, त्यासाठी रोख पैसे जवळ ठेवावेत. १९७१पासूनचे प्रसिद्ध व्हर्साय उपाहारगृह बहुतेक पायी फेऱ्यांत नसते, कारण ते पस्तिसाव्या अॅव्हेन्यूवर, डोमिनो पार्कपासून सुमारे तीन किलोमीटरवर आहे. तेथे जायचे असेल तर फेरी आटोपल्यावर टॅक्सी करावी.