मदत हवी आहे: खेळाडू 'लोन'वर जातो, त्याला मराठीत काय म्हणू?

मंडळी, आमच्या तालमीच्या स्मरणिकेसाठी फुटबॉलपटू केल्विन येबोआवर एक पानभर लिहितोय. गडी २००० साली घानात अक्राला जन्मला, पण खेळला इटलीच्या २१ वर्षांखालील संघाकडून. काका म्हणजे घानाचा नामांकित स्ट्रायकर टोनी येबोआ! १९९५ मध्ये इंग्लंडच्या लीड्स क्लबकडून लिव्हरपूलविरुद्ध त्यानं मारलेली ती व्हॉली (चेंडू हवेतच असताना मारलेला फटका) आमच्या थोरल्या बंधूंना अजून पाठ आहे.

केल्विनचे क्लब असे: इटलीत गोझ्झानो, मग ऑस्ट्रियात टिरोल आणि स्टुर्म ग्राझ, २०२२ च्या जानेवारीत इटलीचा जेनोआ. त्याच मोसमात जेनोआ सेरी आ, म्हणजे इटलीच्या अव्वल लीगमधून खाली घसरला. तिथून माझं घोडं अडलं. पुढे जर्मनीचा ऑग्सबर्ग आणि बेल्जियमचा स्टँडर्ड लिएज, दोन्हीकडे तो 'लोन'वर. करार जेनोआचाच, खेळायचं दुसऱ्यासाठी. 'कर्जाऊ' लिहिलं तर पतसंस्थेची नोटीस वाटते. 'उसना' लिहिलं, तर आई म्हणाली, "वाटीभर साखर आहे का तो?"

एखादा रुळलेला शब्द आहे का?

दुसरं, इटलीच्या युवा संघातून खेळल्यावर पुढे घानाकडून खेळता येतं ना? फिफाचा नियम नीट माहीत असलेल्यानं सोप्या भाषेत सांगा. मजकूर रविवारी छापखान्यात द्यायचाय.