केली राहिलाच की!

इथे पहिल्या महायुद्धात मारल्या गेलेल्या ऑलिंपिक खेळाडूंची यादी चाललीये, त्यात फ्रेडरिक सेप्टिमस केली कुणीच घेतला नाही, म्हणून लिहितोय. जन्म सिडनीचा, १८८१. शिकला ईटन आणि ऑक्सफर्डला. इंग्लंडमधल्या हेन्लीची डायमंड स्कल्स म्हणजे एकट्याने बोट वल्हवायची फार मानाची रेस, ती त्याने १९०२, १९०३ आणि १९०५ अशी तीनदा मारली आणि १९०५ची ८ मिनिटं १० सेकंद ही वेळ १९३८ पर्यंत कुणाला मोडता आली नाही, विचार करा! १९०८च्या लंडन ऑलिंपिकला आठ जणांच्या बोटीत गोल्ड.

पण हा माणूस मुळात पियानिस्ट आणि संगीतकार, फ्रँकफर्टला जाऊन रीतसर शिकलेला, आणि मला त्याचं जास्त वाईट वाटतं ते यासाठी. युद्धात हूड बटालियनमध्ये (ब्रिटिश नौदलाची जमिनीवर लढणारी तुकडी) इंग्रज कवी रूपर्ट ब्रुक त्याचा सोबती होता, एप्रिल १९१५ मध्ये तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीच्या आघाडीवर पोचायच्या आधीच ब्रुक आजाराने गेला, ग्रीसच्या स्कायरॉस बेटावर रात्री त्याला पुरलं तेव्हा केली तिथे होता आणि मग त्याच्यासाठी तंतुवाद्यांची एक एलिजी, म्हणजे शोकरचना, लिहिली. पुढे गॅलिपोलीत जखमी झाला, शौर्यपदक मिळालं, तरी परत लढायला गेलाच. १३ नोव्हेंबर १९१६ला, फ्रान्समधली सोम नदीकाठची लढाई संपत आली असताना, तिथल्या बोकूर गावी जर्मन मशीनगनवर चाल करून जाताना मारला गेला. वय फक्त ३५.

त्या एलिजीचं रेकॉर्डिंग आहे, जमलं तर नक्की ऐका.