मदत हवी आहे: पेंटबॉलची गॅस टाकी भरून कुठे मिळेल? दोघांनी परत पाठवलं

खटपट्या:

नमस्कार मंडळी. मावसभावाने पेंटबॉल (रंगाच्या गोळ्या झाडायचा खेळ) सोडलं आणि सगळं सामान माझ्या गळ्यात मारलं. एक मार्कर (बंदूक म्हटलं की तो चिडतो), मास्क, गोळ्यांचा हॉपर आणि एक टाकी. टाकी लावून चाप ओढला की नुसतं 'टक्' होतं, गोळी जागची हलत नाही. म्हणजे टाकी रिकामी, असं मी धरून चाललोय.

आधी अग्निशामक सिलिंडर भरणाऱ्याकडे गेलो. त्याने टाकी फिरवून खांद्यावरचं कोरीव काम वाचलं आणि परत माझ्या हातात ठेवली. "ही नाही भरणार." कारण सांगायला त्याला फुरसत नव्हती. मग पाणबुड्यांचे (स्कूबा डायव्हिंगवाल्यांचे) सिलिंडर भरणाऱ्याकडे गेलो. तो म्हणाला, "आमच्याकडे हवा आहे, गॅस नाही." मी म्हटलं, मग हवाच भरा की. तो हसला. मला अजून कळलेलं नाही की यात हसण्यासारखं काय होतं.

टाकी ॲल्युमिनियमची, लिटरभर पाण्याच्या बाटलीएवढी. वर पितळी व्हॉल्व्ह, त्याच्या मधोमध बारीक पिन. दाबाचा काटा वगैरे काही नाही. चिकटपट्टीवर २० औंस लिहिलंय. कोरलंय ते असं: 'डीओटी ३एएल १८००', मग एक लांबलचक नंबर, मग '८' आणि '११', मध्ये कसलीशी खूण.

तर यात नक्की काय भरायचं, आणि कोण भरून देईल? आणि हसू नका, पण टायरमध्ये हवा भरायच्या कंप्रेसरने काम होईल का?

अर्धवट इंजिनिअर:

हसलो. टायरचा कंप्रेसर ८-१० बारपर्यंत (बार हे दाबाचं माप) जातो. पेंटबॉलच्या हवेच्या टाकीला २०० बार लागतात, कार्बन फायबरवालीला ३००. आणि तुमची टाकी मुळात हवेची नाहीच.

जुना पंच:

खटपट्याभाऊ, मी बरीच वर्षं मैदानावर टाक्या भरायच्या टेबलावर बसलोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पेंटबॉलमध्ये दोन जाती आहेत. हवेच्या टाकीला डोक्यावर रेग्युलेटर (दाब कमी करून सोडणारा) असतो, त्याला दाबाचा छोटा काटा आणि बाजूला एक बोंड, ज्याला फिल निपल म्हणतात. तिच्यावर ४८/३००० किंवा ६८/४५०० असं लिहिलेलं असतं. पहिला आकडा आतली जागा घनइंचात, दुसरा दाब पीएसआयमध्ये (हेही दाबाचंच माप). तुमच्या टाकीला काटा नाही, बोंड नाही, नुसती पिन आहे आणि माप औंसात आहे. म्हणजे ती कार्बन डायऑक्साइडची. तो आत द्रवरूपात असतो, म्हणून वजनावर भरतात. २० औंस म्हणजे ५६७ ग्रॅम.

आता पाणबुडीवाला का हसला ते. '१८००' हा तुमच्या टाकीचा दाब आहे, पीएसआयमध्ये. त्याच्या सिलिंडरमध्ये ३००० च्या आसपास असतात. जोडलं असतं तर टाकीची बर्स्ट डिस्क (दाब फार वाढला की आधी फुटणारी सुरक्षेची चकती) फुटण्याच्या बेताला गेली असती. आणि समजा नाही फुटली, तरी रेग्युलेटर नसल्यामुळे तो सगळा दाब थेट मार्करमध्ये गेला असता. भला माणूस होता, हसला नुसता.

अग्निशामकवाला योग्य ठिकाणी बसलेला माणूस आहे, त्याच्याकडे कार्बन डायऑक्साइड असतोच. पण '८' आणि '११' म्हणजे ऑगस्ट २०११. त्या महिन्यात टाकीची चाचणी झाली होती. 'डीओटी ३एएल' (अमेरिकी मानक) शिक्क्याच्या ॲल्युमिनियम टाकीला दर ५ वर्षांनी हायड्रो टेस्ट लागते. टाकीत पाणी भरून ३००० पीएसआयपर्यंत ताण देतात आणि दाब काढल्यावर ती मूळ आकाराला येते का ते मोजतात. पास झाली की नवी तारीख ठोकतात. त्याशिवाय शहाणा माणूस भरणार नाही. सिलिंडर तपासणाऱ्या केंद्रात विचारा. भरायला नंतर वेल्डिंगचे गॅस पुरवणारे, सोड्याच्या यंत्रांना गॅस देणारे किंवा पेंटबॉलचं मैदान, कुठेही चालेल.

तळघर:

एवढा घोळ कशाला? मी घरीच भरतो. सायफन नळी (तळाचा द्रव वर आणणारी) असलेला मोठा सिलिंडर, दोन चाव्यांचं (व्हॉल्व्हचं) फिल स्टेशन म्हणजे टाकी जोडायचं नळकं, एक वजनकाटा. टाकी आधी तासभर फ्रीजरमध्ये ठेवायची, गार टाकीत द्रव पटकन उतरतो. सायफन नसेल तर मोठा सिलिंडर उलटा करायचा. मिनिटाचं काम.

जुना पंच:

तळघर, पद्धत बरोबर आहे, मीही तशीच भरायचो. पण 'मिनिटाचं काम' हे पहिल्यांदा करणाऱ्याला सांगू नका. वजनकाट्यावरचं लक्ष उडालं आणि ५६७ च्या जागी ७०० ग्रॅम बसले तर गार टाकीला काहीच वाटत नाही. गंमत नंतर होते. २० अंशाला एक लिटर द्रवाचं वजन पाऊण किलोच्या थोडं वर भरतं, ३० अंशाला तेच ६०० ग्रॅमच्या जवळ येतं. म्हणजे द्रव फुगतो, आणि टाकीत फुगायला जागाच उरलेली नसते. मग गाडीच्या डिकीत डिस्क उडते. मी तो आवाज दोनदा ऐकलाय. ज्यादा झालंच तर दुसऱ्या चावीने सोडून वजन जुळवायचं, हातात जाड मोजे घालून. तो गॅस बाहेर पडताना बर्फ होतो, उणे ७८ अंशांचा. आणि दारं-खिडक्या उघड्या ठेवून.

तळघर:

मोज्यांचं मान्य. एकदा बोटं भाजून घेतलीत. गारठ्याने भाजतं यावर घरात कोणी विश्वास ठेवेना.

जुना पंच:

खटपट्याभाऊ, एक विचारायचं राहिलं. टाकी रिकामी आहे हे तुम्हाला कसं कळलं? कार्बन डायऑक्साइडच्या टाकीत द्रव शिल्लक आहे तोवर दाब तेवढाच राहतो, २० अंशाला साधारण ५७ बार. ती हळूहळू 'उतरत' नाही. 'टक्' होतं याचा अर्थ मार्करमधला हातोडा चालतोय पण गॅस पोचत नाही. कदाचित टाकी पुरती बसलेलीच नसेल आणि पिन दाबली जात नसेल.

पण पिळण्याआधी एक करा. नेलपॉलिशने व्हॉल्व्हवरून टाकीवर एक आडवी रेघ ओढा, वाळू द्या. पिळताना किंवा काढताना रेघ तुटली तर टाकी मार्करमधून नाही, व्हॉल्व्हमधून फिरतेय. तिथेच हात थांबवायचा. गॅस भरलेली टाकी व्हॉल्व्हमधून सुटली की रॉकेटसारखी जाते, आणि यात माणसं दगावली आहेत. हे घाबरवायला लिहीत नाही, पण रेघ ओढाच.

खटपट्या:

लोकहो, ऐका. बायकोची नेलपॉलिश मागितल्यावर जी चौकशी झाली ती सोडून देतो. रेघ ओढली, वाळवली, अंगणात नेऊन टाकी आणखी पाऊण फेरा पिळली. फुस्स झालं आणि मार्कर जिवंत! रेघ शाबूत आहे. म्हणजे गेले पंधरा दिवस मी गॅस असलेली टाकी पिशवीत घालून 'भरून द्या, भरून द्या' करत फिरत होतो.

आता ती रिकामी करून चाचणीला द्यायची ना? नुसती पिन दाबून सोडली तर?

जुना पंच:

पिन खिळ्याने वगैरे अजिबात दाबू नका. मास्क घालून, नळी मोकळ्या जागेकडे धरून, गोळ्या न घालता मार्करमधूनच हळूहळू उडवा. पाचदहा वेळा चाप ओढला की थांबा, मार्कर गारठू द्यायचा नाही. आवाज पार बसला की टाकी काढा आणि वजन करून लिहून ठेवा. ते तुमचं रिकामं वजन. चाचणीवाल्याला व्हॉल्व्ह काढू द्या, आपण नाही.

अर्धवट इंजिनिअर:

चाचणी करतच आहात तर एकदा हवेच्या टाकीचाही विचार करा. खेळाच्या दिवशी गारठ्यात कार्बन डायऑक्साइडचा दाब पडतो, भराभर गोळ्या मारल्या की द्रव मार्करमध्ये शिरतो. हवेला हे दोन्ही त्रास नाहीत.

तळघर:

हवेला भरायला मात्र मैदान किंवा पाणबुडीवालाच शोधावा लागतो. शिवाय निपलला कधी साधं तेल लावू नका, दाबाच्या हवेत तेल पेट घेतं.

खटपट्या:

हवेचं पुढच्या वर्षी बघू, आधी ही पास होऊ दे. टाकी रिकामी झाली, वजन मावसभावालाही कळवून ठेवलं. काढताना व्हॉल्व्हच्या तोंडावरची रबरी रिंग दोन जागी फुगून फाटलेली दिसली. ही कुठली मागायची?

जुना पंच:

०१५ नंबरची ओ-रिंग, पॉलियुरेथेनची. साधी काळी रबरी घेऊ नका, ती हा गॅस पिते आणि अशीच फुगते. पाचसहा घेऊन ठेवा, त्या नेहमी खेळ ऐन रंगात असताना फाटतात.